भात सोडलेला पुढारी

आमच्या दिघोरीत पुढारी काही कमी झाले नाहीत. एक जण आमदारकीच्या उंबरठ्यावरून परत आला आणि अजून त्या उंबरठ्याच्याच गोष्टी सांगतो. दुसऱ्याने इतके पक्ष बदलले की त्याच्या घरच्या कार्याला कमान कोणत्या रंगाची लावायची हे दर वेळी विचारून घ्यावं लागतं. पण भाताशी वैर धरून पुढारीपण करणारा एकच झाला, तो म्हणजे तेजराम सुखदेवे. बाहेरच्या माणसाला यात काय विशेष ते कळायचं नाही. आमच्याकडे नजर जाईल तिथवर धानाच्या बांध्या, म्हणजे भातखाचरं. सकाळी भात, संध्याकाळी भात, पाहुणा आला तर त्यालाही भातच. पोळी असते ती सणाची नाहीतर आजाऱ्याची. अशा मुलखात एका धडधाकट माणसाने वीसेक वर्षं भाताचं शीत तोंडात घातलं नाही, आणि तेही एका राज्यासाठी, जे अजून झालेलं नाही.

मी बाबूलाल. माझा माइकचा धंदा. लग्न असो, जयंती असो, दिवाळीनंतरच्या मंडईच्या जत्रेतलं नाटक असो की निवडणुकीची सभा, लाखांदूर तालुक्यात कर्णे माझेच वाजायचे. त्यामुळे पुढारी मी फार जवळून ऐकले, आणि मनात नसताना ऐकले. माणूस माइक कसा धरतो त्यावरून तो कसा आहे ते मी सांगू शकतो, अशी माझी मला फार घमेंड होती. मारोतरावांनी ती उतरवली, ते पुढे सांगतो. तेजराम मात्र माइक असा धरायचा की जणू तो कोणाकडून मागून आणलाय आणि नीट परत करायचाय. बोलायचा थोडं. टाळ्या पडल्या की गडबडायचा.

एकोणीसशे नव्व्याण्णवचा महाराष्ट्र दिन. वेगळा विदर्भ मागणारे त्या दिवशी काळे झेंडे लावतात, हा जुना रिवाज आहे. लाखांदूरच्या बसस्टँडसमोर ‘स्वतंत्र वैदर्भीय मंचा’ची सभा होती आणि नेमका त्याच दिवशी आमच्या भंडारा जिल्ह्याचे दोन तुकडे होऊन गोंदिया जिल्हा वेगळा झाला. मंचाने मागितलं होतं राज्य, आणि हाती होता तो जिल्हाही अर्धा झाला. त्यातून मंचाचे निम्मे कार्यकर्ते तिकडचे, आमगाव-अर्जुनीकडचे. त्यांना घरचा कलेक्टर मिळाला होता. ते तिकडे गुलाल उधळत होते आणि इकडे मी रिकाम्या खुर्च्यांसमोर ‘हॅलो, हॅलो’ करत होतो.

मारोतराव हे मंचाचे अध्यक्ष. भंडाऱ्याचा मोठा माणूस, गळा असा की माझ्या कर्ण्याची गरज पडू नये. रिकाम्या खुर्च्या पाहून त्यांनी नेहमीचं भाषण गुंडाळलं आणि उजवा हात पुढे केला. “ज्या मातीत हे धान पिकते, तिचा कारभार मुंबईत बसून होते. आपलं राज्य होईस्तोवर मी भाताचं शीत तोंडात घालणार नाही!” पान खाणारे थांबले, बसच्या रांगेतले लोक वळले. काय टाळ्या पडल्या! मग मंचावरचे सगळे एकेक करून हात पुढे करून तेच बोलले. शेवटी तेजराम. त्याने हात पुढे केला, थांबला आणि हळूच मारोतरावांना विचारलं, “पोहे चालतेत का?”

माइक चालू होता. सगळं बसस्टँड हसलं. मारोतरावही हसले आणि माइक आपल्याकडे ओढून गरजले, “धानाचं काहीच नाही!”

तेजरामने मान हलवली आणि प्रतिज्ञा घेतली. हसणाऱ्यांना वाटलं, बावळट आहे. मला मात्र त्याचा बाप आठवला. सोमाजी सुखदेवे छप्पन्न साली नागपूरला दीक्षा घेऊन आला होता. बाबासाहेबांनी दिलेल्या बावीस प्रतिज्ञांत दारू न पिण्याचीही एक होती. त्या दिवसापासून सोमाजीने थेंब शिवला नाही. म्हातारपणी कंबर धरली तेव्हा कोणीतरी म्हणालं, जरा चोळायला तरी घ्या, तर म्हाताऱ्याने बाटली घराच्या पायरीवरही ठेवू दिली नाही. अशा घरात वाढलेल्या माणसाने प्रतिज्ञा घेताना पोह्यांचं विचारलं, ते बावळटपणाने नव्हे. पाळायची आहे म्हणून विचारलं.

सभा आटोपल्यावर माझ्या मेटाडोरमधूनच तो घरी आला. मंगलाबाईने भाताचं गंज, आमच्याकडचं पातेलं, चुलीवरून उतरवलं होतं. मंगलाबाई म्हणजे त्याची बायको, अंगाने किरकोळ, जिभेने नव्हे.

“अजी, जिल्हा गेला म्हणतेत आपला?”

“जिल्हा गेला. राज्य येईन. मंगला, आजपासून मले पोळी करजो.”

ती आधी हसली. मग माझ्याकडे पाहिलं, आणि मी हसत नाही हे पाहून तिने विचारलं, “किती दिवस?”

“दोन वर्षं. लय झाले त.”

तिने परात काढली.

पुढच्याच वर्षी शेजारी छत्तीसगड राज्य झालं. साकोलीवरून मोठ्या रस्त्याने दुपारपर्यंत पोचता येईल इतक्या जवळ. तेजराम खास बसने जाऊन राजनांदगाव पाहून आला. तिथे दुकानांच्या पाट्यांवर नव्या राज्याचं नाव रंगवायचं काम चालू होतं, ते सांगताना त्याचे डोळे भरून आले. “बाबूलाल, त्याईच्यात अन् आपल्यात काय फरक हाये? तेही धान लावतेत, आपणबी धान लावतो. आता आपलाच लंबर.” जेवला कुठे, असं मी विचारलं. म्हणाला, हॉटेलात सगळीकडे भातच होता, म्हणून केळी खाल्ली.

दोन वर्षं गेली. मग आणखी गेली. भात सोडणं म्हणजे काय ते हळूहळू त्या घराला कळायला लागलं. शिजत्या भाताचा वास आला की तेजरामला पोळी गिळवेना. म्हणून त्याचं ताट बाहेर छपरीत, पुढच्या पडवीत आलं. छपरीत तो रस्त्याकडे तोंड करून बसायचा, घराकडे पाठ. ‘पुढाऱ्याचं तोंड लोकाईकडं पाहिजे’ म्हणायचा. मंगलाबाई आधी त्याच्या पोळ्या करायची, गरम गरम नेऊन वाढायची, आणि मग चुलीपाशी बसून पोराला घेऊन भात खायची. पोरगा अश्विन. तो बापासोबत एका पंगतीला बसलेला मी त्यानंतर पाहिला नाही. जिल्ह्याचे दोन भाग झाले त्याच दिवशी त्या घराचेही झाले, फक्त त्याचा गुलाल कोणी उधळला नाही.

आता कोणी म्हणेल, एवढं करून त्याने राजकारणात काय कमावलं? सांगतो. लोक त्याच्याकडे यायचे. सकाळपासून छपरीत माणसं असायची. पण राज्यासाठी म्हणून एकही आला नाही. कोणाचं घरकुल अडलं, कोणाच्या मोटरपंपाला कनेक्शन नाही, कोणा म्हातारीचा निराधारचा अर्ज परत आलाय. तेजराम त्यांना घेऊन एसटीने तहसीलला जायचा, दिवसभर बाकावर बसायचा, काम करून आणायचा. काम झालं की माणूस म्हणायचा, “भाऊ, तुमच्यासारखा माणूस नाही,” आणि मत ज्याला द्यायचं त्यालाच द्यायचा. जिल्हा परिषदेला तेजराम दोनदा पडला. विधानसभेला अपक्ष उभा राहिला तेव्हा डिपॉझिट गेलं. त्या वेळी त्याला चिन्ह मिळालं प्रेशर कुकर. मी कर्ण्यावरून गावोगाव ओरडत फिरलो, ‘कुकरसमोरचं बटन दाबा,’ आणि माझं मलाच हसू आवरेना. मंगलाबाई तर दारात उभी राहून म्हणाली, “बाबूलालभाऊ, कुकर कुकर करता, पण त्याच्यात शिजते काय ते काहून नाई सांगत?”

तेजरामही हसला. तेव्हा हसायचा तो.

प्रतिज्ञेचं सुरुवातीला लोकांना कौतुक होतं. लग्नात कोणीतरी ओरडायचं, ‘तेजरामभाऊले पोळी आणा,’ आणि आतून पोळी यायची. पुढे कौतुक सरलं आणि कटकट उरली. शेकडो माणसांच्या पंगतीत एकासाठी कणीक कोण भिजवणार? वाढपी पुढे निघून जायचे. मग मंगलाबाई स्टीलच्या डब्यात पोळ्या बांधून द्यायला लागली. तो डबा मांडीवर ठेवून पंगतीच्या टोकाला बसायचा. नंतर नंतर त्याने लग्नांना जाणंच कमी केलं, आणि बोलावणारेही कमी झाले. आमच्याकडे माणूस माणसाला भेटतो तो जेवायला बसल्यावर. सकाळच्या बैठकीत पोह्याची बशी हातात नसेल तर त्या बैठकीत तुम्ही असून नसल्यासारखे. मंचाचे लोक एकेक करून दुसऱ्या पक्षांत गेले. एक मेच्या दिवशी काळा झेंडा धरायला शेवटी उरला फक्त फकिरा.

फकिरा आमच्या गावचा ढीवर, तलावात मासे धरणारा. त्याची तेजरामवर माया होती, कारण तलावाच्या भांडणात तेजराम त्याच्या बाजूने उभा राहिला होता. राज्य झालं काय नि नाही झालं काय, फकिराला त्याचं सोयरसुतक नव्हतं. तो दर पावसाळ्यात झिंगे, तलावातली कोळंबी, आणून द्यायचा आणि तेच बोलायचा, “भाऊ, झिंग्याचा रस्सा पोळीसंगं खाणं म्हणजे पाप हाये जी. मच्छीले कायले दुखवता?”

आणि दर बुद्धपौर्णिमेला खीर. विहारात मोठ्या गंजात तांदळाची खीर व्हायची, ती मंगलाबाईच्या हाताखाली. ती घरी येताना एक वाटी आणायची आणि छपरीत त्याच्यापुढे ठेवायची. तेजराम वाटी कपाळाला लावायचा आणि परत द्यायचा. एकदा मी तिथेच होतो. ती वाटी घेईना.

“उपाशी राहू राहू बुद्ध सुकून गेले, अन् सुजाताच्या हातची खीर खाल्ली. खाल्ली का नाई?”

“खाल्ली.”

“मंग तुमी काय त्याईच्याहून मोठे?”

तेजरामने वाटी जमिनीवर ठेवली, तिनेही उचलली नाही. मी निघालो तेव्हा वाटीभोवती मुंग्या लागल्या होत्या.

अश्विन शिकला आणि पुण्याला नोकरीला लागला. ज्या पुण्या-मुंबईच्या नावाने बाप जन्मभर बोटं मोडत होता, त्याच पुण्याला. गाव हसलं. तेजराम म्हणाला, “इकडं काम असतं त गेला असता का? हेच त मी सांगून राहिलो.” ते खरंच होतं, पण ते ऐकायला त्या दिवशी छपरीत माझ्याशिवाय कोणी नव्हतं. आता घरात माणसं दोन आणि जेवणं दोन. एक छपरीत, एक चुलीपाशी. मी एकदा मंगलाबाईला म्हणालो, आता पोरगाही नाही, छपरीत जाऊन बसा की त्याच्याजवळ. ती म्हणाली, “त्याईले वास येते.” एवढंच. मला तिचा राग आला नाही, त्याचा आला.

मग शहापूरचं लग्न. मारोतराव तोवर मोठ्या पक्षात जाऊन कुठल्याशा महामंडळावर बसले होते. त्यांच्या मुलीचं लग्न शहापूरला हायवेवरच्या मंगल कार्यालयात. जुने कार्यकर्ते म्हणून आम्हा दोघांना पत्रिका आली. बसने गेलो. तेजरामच्या पिशवीत डबा होताच. हात धुवायला आम्ही मागच्या बाजूला गेलो, तर तिथे घरच्यांची पंगत बसलेली. मारोतराव भातावर वरण घेऊन पाची बोटांनी कालवत होते.

तेजराम जागेवर थिजला. मारोतरावांनी वर पाहिलं, चेहरा खुलला. “अरे तेजराम! ये ना, बस!” आणि मग त्यांची नजर पिशवीतल्या डब्यावर गेली. त्यांना आठवायला जरा वेळ लागला. “अरे बाप्पा, तू अजूनही? ते स्टेजवरचं बोलणं होतं ना रे. मी त त्याच आठवड्यात सोडलं.” ते ओशाळले असते तर बरं झालं असतं. ते ओशाळले नाहीत. हात तसाच भाताचा, व्याह्यांना हाक मारून म्हणाले, “हे पाहा, हा खरा माणूस. राज्यासाठी यानं भात सोडला. असे कार्यकर्ते आता राहिले नाहीत.” व्याह्यांनी वाकून तेजरामला नमस्कार केला. कोणीतरी मोबाइलवर फोटो काढला.

तो गळा ऐकून मी या माणसाला वाघ समजलो होतो. माझ्या कानांवरचा माझा विश्वास त्या दिवशी उडाला.

परत येताना तेजरामने बसमध्ये डबा उघडला नाही. पवनीच्या पुढे मी न राहवून बोललो, “आता त सोडा, भाऊ. ज्यानं घ्यायला लावली, त्यानंच सोडली.”

“त्यानं सोडली म्हणून मी सोडू?” तो खिडकीबाहेर पाहत म्हणाला. “माह्या बापासोबत नागपूरले लाखो लोकं होते. त्यातल्या कोणी मंग दारू पेली असन. माहा बाप पेला का?”

“ती गोष्ट येगळी होती.”

“येगळी कशी? आमच्या घरी प्रतिज्ञा एकच प्रकारची राह्यते.”

माणूस चुकत होता आणि त्याचं म्हणणं बरोबर होतं, अशी ती गत.

दोन हजार अठराच्या दिवाळीनंतर मंगलाबाईच्या पोटात दुखायला लागलं. आधी तिने अंगावर काढलं. नागपूरला नेलं तेव्हा डॉक्टरांनी अश्विनला बाजूला घेऊन सांगितलं, घरीच न्या, आवडेल ते खायला द्या. तिने त्या वर्षी घरामागच्या छोट्या बांधीत स्वतःसाठी चिन्नोर लावला होता. चिन्नोर शिजला की चार घरं पलीकडे वास जातो. तिने तो कांडून आणवला, डब्यात भरून ठेवला, आणि एका सकाळी मी तिची विचारपूस करायला गेलो असताना, माझ्यासमोरच नवऱ्याला म्हणाली,

“अजी, एक डाव माह्यासंगं भात खा. एका ताटात. मंग मी काई मांगत नाई.”

तेजराम तिच्या खाटेजवळ उकिडवा बसला होता. मला वाटलं, आता म्हणेल हो. म्हण रे बाबा, मी मनात म्हणत होतो.

“खातो,” तो म्हणाला. “खातो, मंगला. एक मेले. लोकाईसमोर घेतली होती, लोकाईसमोरच सोडाव लागते. बसस्टँडवर उभा राहून सांगतो का आजपासून सोडली, अन् तसाच घरी येतो. तुह्या हातचा चिन्नोर. एका ताटात.”

मी त्याला बाहेर छपरीत घेऊन गेलो आणि नको नको ते बोललो. अरे गाढवा, कोणत्या लोकांसमोर? कोण लोक राहिलेत? तो शांतपणे म्हणाला, “चोरून सोडली त चोरी होईन, बाबूलाल. इतक्या वर्षाची चोरी होईन.” आत मंगलाबाईने सगळं ऐकलं. तिने मला हाक मारली. “राहू द्या, बाबूलालभाऊ. एक मे काई दूर नाई. मी थांबतो.” आमच्याकडे बायकाही अशाच बोलतात. ‘मी थांबतो.’

त्या दिवसापासून तेजराम भाषण तयार करायला लागला. जन्मात मी त्याला एवढं तयारीने बोलताना पाहिलं नव्हतं. तिच्या खाटेशी बसून म्हणून दाखवायचा. ती डोळे मिटून ऐकायची आणि दुरुस्त्या सांगायची. “मारोतरावाचं नाव नोका घेऊ. लोकाईले वाटन जळून राहिले.” पोळ्या आता फकिराची बायको बायाबाई करून द्यायची. त्या जाड व्हायच्या आणि मध्ये कच्च्या राहायच्या. तेजराम निमूट खायचा. ती आजारी असतानाही छपरीतच, रस्त्याकडे तोंड करून. इतक्या वर्षांची सवय.

चौदा एप्रिलची मिरवणूक तिच्या दारावरून गेली तेव्हा तिने खाट दारात ओढायला लावली आणि पाहिली. त्यानंतर ती उठली नाही. एप्रिल संपायच्या आत ती गेली.

अश्विन आला, सगळं केलं, आणि बापाला पुण्याला चला म्हणाला. तेजराम नाही म्हणाला. पोराने फार आग्रहही केला नाही. जाताना तो मला म्हणाला, “काका, बाबा माह्यासंगं कधी जेवले नाईत. तिकडं येऊन काय करतीन?” तो रडत नव्हता. साधं सांगत होता.

एक मेच्या सकाळी तेजराम धुतलेला कुडता घालून माझ्या दारात उभा. “चाल.”

“कुठं?”

“बसस्टँडवर. सांगतलं होतं ना तिले.”

निवडणुकीची आचारसंहिता चालू होती, मंच घालायला परवानगी मिळणार नव्हती, आणि मागणारंही कोणी नव्हतं. मी हातातला छोटा भोंगा घेतला. फकिराने काळा झेंडा घेतला. तिघे एसटीने लाखांदूरला गेलो. ऊन टोचत होतं. बसस्टँडसमोर रसवंतीची गाडी, तिथे चार पोरं, आणि सावलीला बसलेले काही प्रवासी. मी भोंग्यात हॅलो म्हणालो आणि तेजरामच्या हातात दिला.

पाठ केलेलं भाषण त्याला आठवेना. मग एवढंच म्हणाला, “बंधुभगिनींनो, याच जागी मी प्रतिज्ञा घेतली होती का राज्य होईस्तोवर भात नाई खाईन. राज्य झालं नाई. मी आज ते प्रतिज्ञा सोडून राहिलो. माह्या बायकोसाठी सोडून राहिलो. आजपासून मी भात खाईन.”

रसवंतीच्या घुंगराचा तेवढा आवाज येत होता. मग त्या पोरांपैकी एकाने, अगदी आदराने, विचारलं, “काका, पहिले नोहते खात का?”

फकिरा त्याच्या अंगावर धावून जाणार होता. तेजरामने त्याचा हात धरला. “नोहतो खात,” त्या पोराला तो म्हणाला, आणि भोंगा माझ्याकडे परत दिला.

घरी आलो तेव्हा दुपार झाली होती. फकिरा त्याच्या घरी गेला. मला वाटलं तेजराम छपरीत बसेल. तो सरळ आत गेला आणि चिन्नोरचा डबा काढला. वय साठीच्या वर, धान लावण्यात जन्म गेला, आणि भात शिजवायला पाणी किती घालायचं ते त्याला ठाऊक नव्हतं. मी सांगितलं, बोटाचं एक पेर वर. त्याने जास्तच घातलं. भात गिच्च झाला, पण वास तोच. त्या वासाने घर भरून गेलं, आणि इतक्या वर्षांत प्रथमच तो त्या वासातून उठून बाहेर गेला नाही.

एकच ताट घेतलं. चुलीपाशी भिंतीला टेकून जिथे मंगलाबाई बसायची, तिथे तो बसला. पहिला घास घेतला आणि चावता चावता थांबला. मला वाटलं, इतक्या वर्षांनी चव लागली म्हणून. पण तो ताटाकडे पाहत नव्हता. समोर दाराकडे पाहत होता.

“बाबूलाल, इकडं ये. माह्याजवळ बस.”

मी त्याच्या शेजारी जाऊन बसलो. तिथून दाराच्या चौकटीत छपरी दिसत होती. त्याचा जेवायला बसायचा पाट तिथेच पडला होता, रस्त्याकडे तोंड केलेला.

“मंगला इथंच बसून जेवे,” तो म्हणाला. “इथून माही पाठच दिसते, बाबूलाल. नुसती पाठ.”

त्याचा आवाज इतका बारीक झाला होता की एवढ्या जवळ बसूनही मला कान द्यावा लागला. मग तो जेवायला लागला. सावकाश जेवला, ताटाच्या अलीकडच्या बाजूचाच. पलीकडचा अर्धा भात त्याने तसाच राहू दिला, आणि मीही त्याला खाऊन टाक म्हणालो नाही.